या रविवारी नका जाऊ

नक्की रद्द करायचा का, असं फोनने विचारलं आणि ढुंढिराजाला जरा अपमान झाल्यासारखं वाटलं. अठ्ठावन्नाव्या वर्षी माणसाला कोणी असं उलटून विचारू नये. रेल्वेच्या हिशेब खात्यात त्याने कागदावर सही केली की कागद निमूट पुढच्या टेबलावर जातो. ‘मोघेसाहेब, नक्की का?’ म्हणत परत येत नाही. इथे मात्र तळहाताएवढ्या काचेवर रविवारचा सामना, सकाळी साडेसात, गंगापार रेती, विरुद्ध मिश्राजींचा संघ, असं सगळं नीट मांडलेलं. त्याखाली लाल अक्षरांत ‘सामना रद्द करा’, आणि त्यावर बोट टेकवलं की हा प्रश्न. त्याने बोट उचललं. घराच्या छतावर शनिवारचं ऊन नुकतं पोचत होतं. खाली संकठा घाटाच्या पायऱ्यांवर कोणीतरी धोतर पिळत होतं, आणि नदीपलीकडे ती रेती, जिला तो गेली कित्येक वर्षं आपलं मैदान म्हणत आला, नेहमीसारखी ऐसपैस पडली होती. तिला अजून कोणी काही कळवलेलं नव्हतं.

झालं होतं एवढंच, की काल संध्याकाळी मेथी निवडता निवडता पद्मा म्हणाली, ‘‘या रविवारी नका जाऊ.’’ वर बघितलं नाही, आवाज चढवला नाही, की कारण जोडलं नाही. ढुंढिराज पेपर वाचत होता. तो म्हणाला, ‘‘बरं.’’ आणि पान उलटलं. उलटलेल्या पानावर काय होतं ते मात्र त्याला सांगता आलं नसतं, कारण ते वाक्य तोपर्यंत घशात माशाच्या काट्यासारखं अडकलं होतं. म्हणजे मोघ्यांच्या घरात मासा कधी शिजला नाही. पण ऑफिसातल्या बंगाली साहेबांकडून त्याने काट्याचं इतकं ऐकलं होतं की ते दुःख त्याला ओळखीचं होतं. लग्न झाल्यापासून पद्मा कधीही ‘नका जाऊ’ म्हणाली नव्हती. पाणी उतरून रेती वर आली, म्हणजे कार्तिक सरला, की दर रविवारी तो पलीकडे व्हॉलीबॉल खेळायला जायचा, ते पुन्हा पाणी चढेपर्यंत. मुलाला गोवर निघाला तेव्हा ती म्हणाली, जाऊन या. इंदूरहून तिचे भाऊ-वहिनी आले तेव्हाही म्हणाली, जाऊन या, नऊपर्यंत याल ना, पोहे तेव्हाच करते. ते ‘जाऊन या’ त्याने कधी ऐकलंच नव्हतं, इतकं ते कानाला सरावलं होतं. ते थांबल्यावर ऐकू आलं.

आणि खरं सांगायचं तर त्याला त्याचा आनंदही झाला. इतकी वर्षं कोणी अडवलं नाही, या गोष्टीचा पुरुषमाणसाला आधी अभिमान वाटतो, मग सवय होते, आणि मग कधीतरी नावेत बसल्यावर मनात येतं, की आपण घरात नसलो तर तिकडे काय अडतं? काहीच नाही. पद्मा मागणारी बाईच नव्हे. घर शोधायचं होतं तेव्हा गल्लीत आतल्या बाजूला मोठ्या खोल्या मिळत होत्या आणि इथे तिसऱ्या मजल्यावर दोन लहान. ती म्हणाली, काहीही चालेल. त्याने ही जागा घेतली ती स्वतःसाठी. सकाळी उठून छतावरून बघितलं की रेती कुठवर कोरडी आहे ते कळायचं. जिने मात्र सगळे ती चढली, भाजीच्या पिशव्या घेऊन. अशा बाईने एक गोष्ट मागितली होती, तीही इतक्या हलक्या आवाजात, की नाकारायची झाली असती तर ऐकूच आली नाही असं म्हणता आलं असतं. रात्रभर त्याच्या मनात दोन गोष्टी आळीपाळीने येत राहिल्या. एक, हिला काहीतरी झालंय आणि ती सांगत नाही. छातीत दुखत असेल. तिच्या आईलाही असंच अचानक झालं होतं. आणि दुसरी, की काही का असेना, हिने आयुष्यात एकदा मागितलंय, तर ते पुरतं द्यायचं. अर्धंमुर्धं द्यायचं नाही. ‘का’ असं विचारायचंसुद्धा नाही, कारण विचारलं की तिने मागितलेलं तिला सिद्ध करावं लागेल.

म्हणून हा फोन. फोनातलं हे प्रकरण आदित्यने घातलेलं. आदित्य नागपूरचा, बँकेत बदली होऊन आलेला, संघात सगळ्यांत लहान आणि सगळ्यांत उंच उडणारा. त्याच्याआधी संघ चालायचा तो गल्लीतल्या गल्लीत. शुक्रवारी संध्याकाळी ढुंढिराज सगळ्यांच्या दारांवरून एक चक्कर मारायचा. जो खिडकीतून ‘हां’ म्हणाला तो आला, जो म्हणाला नाही तो नाही. आदित्यने हे पाहिलं आणि त्याचा जीव कळवळला. ‘‘काका, दोन मिनिटांचं काम आहे न,’’ असं म्हणत त्याने सगळ्यांच्या फोनात ते अॅप बसवलं, सगळ्यांचे फोटो काढून चिकटवले आणि ढुंढिराजाला व्यवस्थापक केलं. मैदान कुठे ते नकाशावर दाखवायचं होतं; पण तो नकाशा कोणी पावसाळ्यात काढला असावा. त्यात रेती नव्हतीच. त्यामुळे अॅपच्या मते गंगापार मंडळ दर रविवारी भर गंगेत व्हॉलीबॉल खेळतं. ढुंढिराजाने आधी नाक मुरडलं, मग त्याला त्याची गोडी लागली. शुक्रवारी सामना टाकायचा आणि मग ऑफिसात डबा खाताना बघत बसायचं. एकेका नावापुढे हिरवी खूण उगवायची. बिंदुमाधव, येतो. आदित्य, येतो. आपल्या बोलावण्याला माणसं हो म्हणतात हे असं डोळ्यांनी दिसणं त्याला फार आवडायचं. या सामन्याच्या पानावर दोन ओळी होत्या. वरची निळी: ‘मी येऊ शकत नाही’. खालची लाल: ‘सामना रद्द करा’. निळ्या ओळीकडे त्याची नजर गेली असेल, नसेल. ती इतरांसाठी आहे असंच तो पहिल्यापासून धरून चालला होता.

यात नुसता तोरा नव्हता, हे त्याच्या बाजूने सांगायला हवं. त्याला तसं वळण होतं. वडील याज्ञिक, शिंदे घाटापासून अहिल्याबाई घाटापर्यंत कुठल्याही मराठी यात्रेकरूचं श्राद्धकर्म असलं की त्यांना बोलावणं. श्राद्धाच्या आदल्या दिवशी यजमान स्वतः घरी यायचा, हातावर सुपारी ठेवायचा आणि क्षण द्यायचा. म्हणजे उद्या आमच्याकडे भोजनाला बसावं, हा शब्द. वडील तो घ्यायचे आणि त्यानंतर दुसऱ्या दिवशी त्या पानावर बसेपर्यंत ते दुसऱ्या कोणाचे नसायचे, स्वतःचेसुद्धा नाहीत. एकदा ग्वाल्हेरचा कोणी यजमान धर्मशाळेत उतरला होता. त्याचे भाऊ गाडी चुकल्याने पोचले नाहीत, तर त्याने धर्मशाळेच्या माणसाबरोबर निरोप पाठवला, की उद्या करू. वडिलांनी निरोप ऐकला, मान हलवली, आणि तसेच सोवळ्यात बसून राहिले. आईने ताट वाढलं, ते म्हणाले, नको. ‘‘ज्याने दिलाय त्याने येऊन परत घ्यावा.’’ दुपार टळली. लहान ढुंढी वडिलांच्या वाटणीची पुरणपोळी बघत भिंतीला टेकून बसला होता आणि त्याला एकाच वेळी वडिलांचा अभिमान आणि पोळीची आशा वाटत होती. संध्याकाळी तो यजमान धापा टाकत स्वतः आला, हात जोडले, तेव्हा कुठे वडील जेवायला उठले. यजमान कर्मावरून उठला की कर्म थांबलं, आणि यजमानाने येऊन सोडलं की माणूस सुटला. एवढी दोन कलमं ढुंढिराजाच्या अंगात भिनली होती. आता व्हॉलीबॉलला ती कशाला लावायची, हा प्रश्न त्याला पडला नाही, कारण अंगात भिनलेलं माणूस लावत नाही, ते लागतंच.

त्याने लाल ओळीवर पुन्हा बोट टेकवलं. फोनने आता कारण विचारलं. पाऊस, मैदान उपलब्ध नाही, खेळाडू कमी, इतर. मैदान पलीकडे उपलब्ध होऊन पडलेलं त्याला दिसत होतं. पावसाचा पत्ता नव्हता. त्याने ‘इतर’ दाबलं, आणि हिरव्या खुणा एका दमात विझल्या. त्याला गंमत वाटली, की आयुष्यात आपण पहिल्यांदा काहीतरी रद्द केलं. नोकरी, लग्न, व्रतं, वर्गण्या, जे घेतलं ते ओढत आणलं. रद्द असं काही केलंच नव्हतं. छाती एकदम मोकळी झाली. पण नुसतं बोट टेकवून माणसांना सोडायचं हे काही त्याला पटेना, म्हणून त्याने पायात चपला सरकवल्या आणि तो बिंदुमाधवाकडे निघाला.

बिंदुमाधव शेवडे हा त्याचा पाटी-दप्तरापासूनचा दोस्त. सकाळी देवळातली पूजा आटोपून तो दारात बसून धोतराची घडी घालत होता. याच धोतराचा काच्या मारून तो रविवारी नेटवर उभा राहायचा आणि असा चेंडू हाणायचा की समोरचा देवाचं नाव घेई.

‘‘ये. मघाशीच माझा मोबाइल टुणटुणला. सामना रद्द.’’

‘‘तेच सांगायला आलो.’’

‘‘अरे, टुणटुणला म्हणतोय ना मी? कळलं मला. कळल्यावर सांगायला कशाला आलास?’’

‘‘बोलावणं मी दिलं होतं. म्हणून.’’

बिंदुमाधवाने घडी मांडीवर ठेवली. ढुंढिराजाचे वडील त्याने पाहिले होते, त्यामुळे पुढचं समजावून सांगावं लागलं नाही. ‘‘तू म्हणजे ना, हद्द करतोस. व्हॉलीबॉलला कसला रे क्षण? बस. चहा होतोय. तब्येत ठीक आहे ना?’’

‘‘माझी ठीक आहे. पद्मा म्हणाली, या रविवारी नका जाऊ.’’

‘‘वहिनी म्हणाल्या?’’ बिंदुमाधवालाही ते नवीन होतं. ‘‘मग बरोबर आहे. तू नको येऊस. आम्ही आहोत की. आदित्य बँकेतून एखाद्याला बुलावून घेईल.’’

‘‘आणि चेंडू उचलून कोण देणार?’’

‘‘हां,’’ बिंदुमाधव म्हणाला, ‘‘ते आहे.’’

ते ढुंढिराजाला ऐकायला बरं वाटलं. संघात मारणारे पुष्कळ होते. मारणाऱ्याला हवा तसा, हवा तिथे चेंडू उचलून देणारा तो एकटा. बघणारे टाळ्या वाजवतात त्या मारणाऱ्यासाठी, पण मारणाऱ्याला ठाऊक असतं. मात्र चहा पिऊन उतरताना, तिसऱ्या-चौथ्या पायरीवर, त्याच्या मनात आलं की बिंदुमाधव ते ‘ते आहे’ जरा जास्तच प्रेमाने म्हणाला. आपण नातवंडांच्या चित्राला म्हणतो तसं. तेवढ्यात मिश्राजींचा फोन आला.

‘‘का गुरु, काहे कैंसिल कर दिए? रेती भाग गई का?’’

‘‘घर में काम है मिश्राजी.’’

‘‘तो आप काम कीजिए न. हम लोग खेल लेते हैं.’’

ढुंढिराज हसला. म्हणाला, नहीं नहीं, अगले इतवार, पक्का. ‘‘ठीक है, महादेव,’’ असं म्हणून मिश्राजींनी फोन ठेवला. एकाच सकाळी दोन माणसांनी तेच म्हणावं, हे त्याला खटकलं. पण मिश्राजी तसे थट्टेखोर, त्यांचं काय मनावर घ्यायचं, असं म्हणून त्याने ते झटकलं आणि बाकीची दारंही घेतली. परतताना चौकात मलइयोवाला उरलंसुरलं संपवत होता. थंडीपुरता मिळणारा तो दुधाचा केशरी फेस पद्माला फार आवडतो हे त्याला माहीत होतं. स्वतः आणून दिल्याचं मात्र आठवेना. त्याने दोन कुल्हड बांधून घेतले आणि फेस बसायच्या आत पोचावं म्हणून जवळजवळ पळत जिने चढला.

‘‘आज काय?’’ पद्मा म्हणाली.

‘‘सहज. आणि उद्याचं मी केलं बरं का. नाही जात.’’

‘‘बरं झालं,’’ ती म्हणाली, आणि तिचा चेहरा इतका उजळला की ढुंढिराजाला आपण काहीतरी मोठं केल्यासारखं वाटलं. उरलेला दिवस त्याने तिच्यावर चोरून नजर ठेवण्यात घालवला. ती जिना उतरली, चढली. धाप लागली नाही. जेवली नीट. दुपारी पडली तेव्हा तिचा श्वास मोजावा असं मनात आलं, पण ती डोळे मिटूनच म्हणाली, ‘‘काय बघताय?’’ तो पेपरात शिरला. भीती होती, नाही असं नाही; पण त्या भीतीच्या खालून एक निवांतपणाही पसरत चालला होता, जेवणानंतर सुपारी चघळताना येतो तसा. उद्या सकाळी कुठे पोचायचं नाही. कोण आलं, कोण नाही, नाव कोणाची, नेटची दोरी कोणाकडे, काही नाही. एका बाईच्या शब्दावर आपण सहा आणि सहा बारा माणसांचा रविवार थांबवला, याचा त्याला चक्क अभिमान वाटत होता.

रविवारी सवयीने जाग आली. पद्मा आधीच उठली होती. तिने चहा किटलीत भरला, शाल घेतली आणि म्हणाली, ‘‘चला छतावर.’’ वर दोन प्लास्टिकच्या खुर्च्या नदीकडे तोंड करून शेजारी शेजारी मांडलेल्या. त्यातली एक कठड्याशी जिथे होती तिथली फरशी पायांनी घासून गुळगुळीत झालेली, हे ढुंढिराजाने पाहिलं, पण त्याचा अर्थ लावायला त्याला थोडा वेळ लागला. तो दुसऱ्या खुर्चीत बसला. पद्माने चहा ओतला, कप त्याच्या हातात दिला आणि पलीकडे बघत राहिली.

‘‘आले का सगळे?’’ तिने विचारलं.

‘‘कोण सगळे?’’

‘‘तुमचे. साडेसातला उतरतात ना नावेतून. मला काही दिसत नाहीय अजून.’’

‘‘येणार नाहीत. मी सामना रद्द केला ना.’’

पद्मा वळली. ‘‘सगळाच?’’

‘‘म्हणजे काय? तूच म्हणालीस.’’

‘‘मी म्हटलं, तुम्ही नका जाऊ. त्यांना कशाला थांबवलंत?’’

ढुंढिराजाकडे बोलण्यासारखं पुष्कळ होतं. यजमान, कर्म, चेंडू उचलून देणारा. पण छतावर, उन्हात, तिच्या त्या रोखलेल्या नजरेसमोर त्यातलं एकही उभं राहीना. काचेवरची ती निळी ओळ त्याला आता स्पष्ट दिसली. मी येऊ शकत नाही. एवढंच तर मागितलं होतं तिने. बिंदुमाधव म्हणाला, मिश्राजी म्हणाले, फोननेसुद्धा बिचाऱ्याने विचारलं, नक्की का म्हणून. पद्मा चिडली होती. ती अशी क्वचित चिडायची, आणि चिडली की तिचं इंदुरी बोलणं वर यायचं.

‘‘मला ते खेळायला पाहिजे होते. अन् तुम्ही इथे.’’

‘‘पण कशाला?’’ शेवटी त्याने विचारलंच.

तिने कप खाली ठेवला. मग ती बोलली, थांबत थांबत, पण एकदा सुरू झाल्यावर न अडखळता. तो जिना उतरला की दर रविवारी ती वर येऊन बसते. पहिल्यापासून. आधी मुलाला मांडीवर घेऊन बसायची, मग पापड वाळवायचं निमित्त असायचं, मग निमित्तही लागेना. इथून सगळे ठिपक्याएवढेच दिसतात, पण सरावाने कळतात. बिंदुमाधव भावजी धोतरामुळे, आदित्य उडीमुळे. ‘‘अन् तुम्ही चालीवरून. चेंडू बाहेर गेला की आणायला तुम्हीच जाता, बाकी कोणी जात नाही, ते पण माहितीय मला.’’ पण दिवाळीनंतर ठिपके एकमेकांत मिसळायला लागले. आधी वाटलं धुकं. थंडीचे दिवस, धुकं असणारच. मग ऊन पडलं तरी तेच. ‘‘देवळाचा कळस दिसतो. पण तो रोज तिथेच असतो ना, तो डोळ्यांना दिसतो की नुसता आठवतो, ते कळत नाही. माणसं हलतात. ती दिसली तर खरं. आता विचारायचं कोणाला? सांगणारे तुम्ही, तर तुम्हीच तिकडे. मागच्या रविवारी तुम्ही कुठले ते मला शेवटपर्यंत सापडलं नाही. म्हणून म्हटलं, एक रविवार तुम्ही इथे बसा अन् मला सांगा, धुकं आहे की माझे डोळे.’’

‘‘अगं, मग डॉक्टरकडे जायचं सरळ.’’

‘‘तुम्ही हेच म्हणाल, म्हणून सांगितलं नाही. आधी माझं मला कळू द्या की.’’

ढुंढिराज तिच्याकडे बघत राहिला. जी काळजी होती, तिची जागा आता ठरली, आणि ठरल्याबरोबर ती लहान झाली. छातीतून निघून डोळ्यांत आली. पण त्या जागी दुसरंच काहीतरी दाटून आलं. इतकी वर्षं तो पलीकडे जायचा तेव्हा आपण घरातून सुटलो असं त्याला वाटायचं, आणि सुटून तो दर रविवारी हिच्या नजरेतच जाऊन उभा राहात होता. त्याला हसू आलं, लाजही वाटली. मग त्याने फोन काढला. अॅपने सांगितलं, रद्द झालेला सामना पुन्हा उघडता येत नाही, नवा सामना तयार करा. त्याने अॅप मिटलं आणि आदित्यला सरळ फोन लावला.

‘‘उठलास का?’’

‘‘उठलो न काका. कचौरीच्या लायनीत आहे. सगळेच आहेत इकडे. काकू बऱ्या आहेत न?’’

‘‘बऱ्या आहेत. तुम्ही जा आणि खेळा. मिश्राजींना मी सांगतो.’’

‘‘पण तुम्हीच तर कॅन्सल केलं न.’’

‘‘मी कॅन्सल आहे. खेळ नाही.’’

पलीकडे कढईचा आवाज ऐकू आला. मग आदित्य म्हणाला, ‘‘मग उचलून कोण देईन?’’

हा प्रश्न कोणीतरी विचारावा म्हणून ढुंढिराज कालपासून वाट बघत होता. ‘‘तू दे,’’ तो म्हणाला. ‘‘ओके काका,’’ आदित्य म्हणाला, आणि इतक्या पटकन म्हणाला की ढुंढिराजाला ते लागलं.

कचौरी संपेपर्यंत वेळ गेला, पण नाव निघाली. ती पलीकडे लागलेली त्याने पाहिली, माणसं उतरली, खांब उभे राहिले, नेट ताणलं गेलं. दोरी मधे ढिली पडली होती. ती ओढायला हवी, असं त्याने मनात म्हणेपर्यंत कोणीतरी ओढलीसुद्धा. मिश्राजींचा पिवळा स्वेटर, बिंदुमाधवाचं धोतर. पहिला चेंडू आदित्यने उचलला तो भलतीकडेच गेला, आणि ढुंढिराजाला उगाच बरं वाटलं. दुसराही फसला. तिसरा मात्र नेटच्या बरोब्बर वर, हातभर, थांबल्यासारखा झाला, आणि बिंदुमाधवाने तो जो खाली आणला तो रेतीत रुतला असणार. तिकडे सगळ्यांनी हात वर केले. ढुंढिराजाला वाईट वाटलं. वाईट वाटलं याचंच पुन्हा हसू आलं. चांगला देतोय पोरगा, असं तो पुटपुटला, आणि ते म्हणताना ते खरं आहे हे त्याला कळलं.

‘‘सुरू झालं?’’ पद्माने विचारलं.

‘‘झालं.’’

ती पुढे वाकून बघत होती. शाल खांद्यावरून घसरली होती. ‘‘धुकं आहे ना?’’

त्याने तिच्याकडे बघितलं, मग पलीकडे. ऊन स्वच्छ होतं. नावेची दोरी दिसत होती, खांबाची सावली दिसत होती. हो म्हणाला असता तर कोणी खोडून काढलं नसतं. थंडीच्या दिवसांत गंगेवर धुकं नाही असं छातीठोक कोण सांगणार. आणखी एक रविवार तिचा मजेत गेला असता. पण तिने हे एकच तर मागितलं होतं, आणि एकदा त्याने ते बिघडवलं होतं.

‘‘नाही,’’ तो म्हणाला. ‘‘धुकं नाही. मला चेंडूसुद्धा दिसतोय.’’

‘‘बरं,’’ पद्मा म्हणाली, आणि मागे टेकून बसली. थोड्या वेळाने म्हणाली, ‘‘म्हणजे डोळेच.’’

‘‘मोतीबिंदू असेल गं. काढतात, दुसऱ्या दिवशी घरी. बिंदुमाधवाने दोन्ही डोळ्यांचे काढून घेतलेत, आणि स्मॅश मारतोय बघ कसा.’’

‘‘मला कुठे दिसतंय,’’ ती म्हणाली, आणि दोघंही हसली, इतकी की शेजारच्या छतावर कपडे वाळत घालणारी बाई वळून बघायला लागली. हसणं ओसरल्यावर पद्माने शाल सावरली. तिला अजून काहीतरी विचारायचं होतं, आणि ते विचारताना ती त्याच्याकडे न बघता पलीकडेच बघत राहिली.

‘‘सर्व्हिस करायच्या आधी तुम्ही दर वेळी इकडे बघायचात. चेंडू हातात घेऊन, थांबून. मी हात करायचे. दिसायचा तुम्हाला?’’

ढुंढिराजाच्या हातातला कप तसाच राहिला. सर्व्हिसच्या आधी तो बघायचा हे खरं होतं. घाटावरच्या देवळाच्या शिखरावर झेंडा होता. तो कुठे फडफडतोय त्यावरून वारा कळायचा, आणि मग किती जोराने मारायचं ते ठरायचं. हे छत तिकडून त्या झेंड्याच्या बाजूलाच, वीतभर अंतरावर दिसत असणार. त्याने ते कधी पाहिलं नव्हतं. एक सत्य सांगून झालं होतं. आता दुसऱ्याला तरी सुट्टी द्यावी, असं त्याच्या मनात आलं. पण जीभ वळेना.

‘‘नाही गं,’’ तो म्हणाला. ‘‘मी देवळावरचा झेंडा बघायचो. वारा कुठला ते कळायला.’’

‘‘वाटलंच मला,’’ पद्मा म्हणाली. ‘‘एवढ्या लांबून कसला दिसतोय हात.’’

‘‘मग कशाला करायचीस?’’

‘‘तुम्ही मला दिसायचात ना,’’ ती म्हणाली.